अकरणाचा दोष

आमचे आजोबा संध्येला बसण्यापूर्वी पळीपंचपात्र मांडीत असताना मी त्यांना एकदा विचारले होते की, रोज दोन वेळा हा खटाटोप केल्याने मिळते तरी काय, आणि पुण्यसंचय, बुद्धिवर्धन, दीर्घायुष्य यांपैकी एखादे आमिष ते दाखवतील अशी माझी अपेक्षा असताना त्यांनी पळी हातात तशीच धरून शांतपणे सांगितले, “मिळत काहीच नाही. न केली तर दोष लागतो, एवढेच.” ज्या व्यवहारात जमेची बाजू मुळी उघडलेलीच नाही आणि दंडाची मात्र सदैव उघडी आहे, असा व्यवहार कोणी शहाणा मनुष्य जन्मभर का करीत राहावा, हे माझ्या बालबुद्धीला उमगले नाही. पुढे मीमांसेची, म्हणजे वेदातील विधिवाक्यांचा अर्थ लावणाऱ्या शास्त्राची, थोडीफार ओळख झाली, तेव्हा आजोबांचे ते वाक्य त्यांचे स्वतःचे नसून शतकानुशतके चाललेल्या एका वादातला एका पक्षाचा निवाडा आहे असे ध्यानात आले. आणि आणखी वीस वर्षांनी, बोरघाटाच्या अर्ध्या चढावर, बायको, दोन मुले आणि लोणच्याची बरणी यांसह मी माझ्या फियाटमध्ये बसलो असता बॉनेटखालून लाकडावर हातोडी मारल्यासारखा एकसुरी ठोका ऐकू येऊ लागला, तेव्हा त्या वादाचा निकाल अजून लागलेला नाही, हेही ध्यानात आले.

मीमांसकांनी कर्माची जी वर्गवारी केली आहे ती एखाद्या कसलेल्या दफ्तरदाराला शोभण्यासारखी आहे. स्वर्गाची किंवा पुत्राची इच्छा धरून करायचे ते काम्य. ग्रहण, जन्म, मृत्यू असे काही निमित्त घडले म्हणजे करायचे ते नैमित्तिक. करू नये ते निषिद्ध. आणि इच्छा असो वा नसो, निमित्त घडो वा न घडो, जीवात जीव आहे तोवर करायचे ते नित्य. सायंप्रातर्होम नित्य, संध्या नित्य. काम्य कर्म ज्याला फळ नको त्याने सोडले तरी चालते. नित्याला ती सवलत नाही. मग नित्याचे प्रयोजन काय? कुमारिल भट्टांच्या अनुयायांनी सांगितले की, त्याने साचलेल्या दुरिताचा क्षय होतो आणि न केल्याने उद्भवणारा दोष (प्रत्यवाय) टळतो, म्हणजे फळ आहे, परंतु ते अभावरूप आहे. प्रभाकरांचा पक्ष अधिक कठोर. त्यांच्या मते ‘हे करावे’ असा विधी कानी पडला की तो पार पाडणे हेच प्रयोजन. त्यापलीकडे फळ शोधणे हे आज्ञेच्या बदल्यात बक्षिशी मागण्यासारखे आहे.

आता या दोन आचार्यांच्या पंगतीत मोटारीचे इंजिन आणून बसवणे काहींना औचित्यभंगाचे वाटेल. परंतु चार माणसांच्या संसाराला परवडणारी, साध्या मिस्त्रीला उघडता येणारी, हजारो घरांच्या दारात उभी राहिलेली जी मोटार, तिच्याइतके नित्यकर्माचे निरूपण करणारे दुसरे साधन निदान आमच्या पिढीला तरी लाभले नाही. वालचंद हिराचंदांनी १९४४ साली स्थापिलेल्या प्रीमियर ऑटोमोबाइल्सच्या कुर्ल्याच्या कारखान्यातून बाहेर पडणारी ही फियाट आधी आपल्या गोलमटोल अंगलटीमुळे ‘डुक्कर फियाट’ म्हणून लोकांच्या तोंडी बसली, मग १९६४ मध्ये ‘डिलाइट’ झाली, पुढे ‘प्रेसिडेंट’ आणि अखेर ‘पद्मिनी’ हे नाव धारण करून विसाव्या शतकाच्या अखेरपर्यंत टिकली. देहाची आणि नावाची अशी स्थित्यंतरे होत असताना अंतर्यामी असलेले चार सिलिंडरांचे, १०८९ घनसेंटिमीटरचे इंजिन मात्र जवळजवळ तेच राहिले, आणि नामरूप व आत्मतत्त्व यांचा भेद ज्यांना पुस्तकातून कळत नाही त्यांना तो कुर्ल्याच्या फाटकाशी उभे राहून कळण्याजोगा होता. पण तो आजचा विषय नव्हे.

त्या इंजिनात घडते काय, हे एकदा नीट डोळ्यांसमोर आणले पाहिजे. मिनिटाला तीन हजार फेरे घेणाऱ्या अशा इंजिनात चारही सिलिंडर मिळून सेकंदाला शंभर स्फोट होतात. प्रत्येक स्फोटाची ज्वाला दोन हजार अंशांच्या वर तापलेली असते. पाऊण वीत लांबीच्याही आत धावणारा पिस्टन त्या एका सेकंदात पन्नास वेळा वर जातो आणि पन्नास वेळा खाली येतो. एवढ्या हाणामारीत क्रँकशाफ्टचे लोखंड आणि बेअरिंगचा धातू एकमेकांना शिवत नाहीत. त्यांच्यामध्ये मिलिमीटरच्या काही सहस्रांशांइतका तेलाचा पापुद्रा असतो आणि त्यावर तो अवजड दंड तरंगत फिरतो. सोवळ्याचे याहून कडक उदाहरण मला ठाऊक नाही. तो पापुद्रा क्षणभर फाटला की स्पर्श होतो, स्पर्शातून उष्णता, उष्णतेतून झीज, आणि एकदा झिजलेल्या जागेत तेलाचा दाब टिकत नाही, म्हणून पुढचा स्पर्श पहिल्यापेक्षा सुलभ होतो. विटाळाची परंपरा अशी आपोआप वाढत जाते.

तेल तरी किती दिवस पवित्र राहणार? त्याचा धर्मच असा की इतरांची मलिनता त्याने आपल्या अंगावर घ्यायची. जळलेल्या पेट्रोलची काजळी, धातूचा कीस, गंधकातून निपजलेले आम्ल हे सारे ते पोटात घालते, आणि डबा फोडताना मधासारखे दिसणारे तेल थोड्याच दिवसांत शाईसारखे होते. पुष्कळ मालक हा काळा रंग पाहून तेल हलके निघाले म्हणून दुकानदाराशी भांडतात. वस्तुतः जे तेल हजार किलोमीटरनंतरही निर्मळ दिसते त्याच्याविषयी शंका घ्यावी, कारण घाण मग इंजिनातच राहिली असली पाहिजे. शिवाय पाणी. एक लिटर पेट्रोल जळले म्हणजे जवळजवळ एक लिटर पाणी वाफेच्या रूपाने निर्माण होते, ही गोष्ट प्रथम ऐकणाऱ्याला खोटी वाटते. इंजिन तापलेले असेल तर ती वाफ नळीवाटे निघून जाते. परंतु घरापासून मंडईपर्यंत आणि मंडईपासून घरापर्यंत, एवढीच मजल ज्या गाडीला मारायची, तिचे इंजिन पुरते तापण्यापूर्वीच थांबते, वाफ आतच थिजते आणि तेलात कालवली जाऊन मळईसारखा चिखल धरते. गाडी फार वापरली म्हणून जितकी इंजिने गेली, जवळपास तितकीच ‘जपून’ वापरल्याने गेली असतील असे मला कधीकधी वाटते. माझी गाडी या दुसऱ्या वर्गातली होती. आठवड्यातून दोनदा कचेरी, एकदा देऊळ. आणि दर तीन-चार हजार किलोमीटरला तेल बदलावे हा त्या काळचा शिरस्ता ठाऊक असूनही, ‘एवढे किलोमीटर झालेच कोठे?’ या सबबीवर मी दोन वर्षे काढली.

येथे मनुष्यस्वभावाचा एक विशेष नमूद करायला हवा. नैमित्तिकात मी कधीही कसूर केली नाही. कार्ब्युरेटरमध्ये कचरा अडकून गाडी मिसिंग मारू लागली की मी त्याच दिवशी जेट फुंकून घेत असे. प्लग काळे पडले तर खरवडून, पॉइंट जळले तर पॉलिशपेपरने घासून, फॅनबेल्ट सैल पडला तर लगेच ओढून घेत असे. रेडिएटर उकळला तर इंजिन निवेपर्यंत पाऊण तास सावलीत बसण्याचा संयमही माझ्यापाशी होता, कारण तापलेल्या इंजिनावर गार पाणी ओतणाऱ्यांची हेडे कशी वाकतात आणि गॅस्केट कशी फुटतात, हे मी शेजाऱ्यांच्या अनुभवावरून शिकलो होतो. धुराची परीक्षाही मला येत असे: काळा म्हणजे पेट्रोल जास्त, निळा म्हणजे रिंगा झिजून तेल जळते आहे, गरम इंजिनातून पांढरा म्हणजे पाणी कोठेतरी भलतीकडे शिरले आहे. प्लगच्या टोकाचा रंग बिस्किटासारखा तांबूस असला की नाडी पाहून उठणाऱ्या वैद्यासारखे समाधान मला होई. आणि खंडेनवमीला गाडी धुऊन, बॉनेटवर हळदकुंकू वाहून, झेंडूची माळ बांधून तिची यथासांग पूजा होत असे. म्हणजे जे जे बिघडल्याचे दिसले ते ते मी दुरुस्त केले, आणि जे जे सणासारखे होते ते ते साजरे केले. फक्त जे दिसत नव्हते आणि साजरेही करता येत नव्हते तेवढे राहिले. तेल बदलून घरी परतलेल्या माणसाजवळ दाखवण्यासारखे काहीच नसते. गाडी पूर्वीपेक्षा वेगाने धावत नाही, आवाजात फरक पडला असे तो स्वतःची समजूत घालतो, आणि खिसा मात्र निश्चितपणे हलका झालेला असतो. पुढच्या फळीवरचा तेलाचा तांबडा दिवा आहे ना, अशी माझी एक खोटी निश्चिंती होती. तो दिवा तेलाचा दाब पार कोसळल्यावर लागतो. तेल काळे झाले, पातळ झाले, चिखलले, याविषयी तो अवाक्षर काढीत नाही. नैमित्तिकाच्या भरवशावर नित्य सोडणाऱ्याला असाच दिवा भेटतो.

बोरघाटात तो लागला नव्हताच. नुसता ठोका.

टेम्पोच्या मागे बांधून गाडी खाली आणली. मिस्त्रीने सम्प उतरवला, त्यात बोट फिरवून ते कागदाला पुसले, आणि “साहेब, ऑइल कधी टाकलं होतं?” एवढेच विचारले. मी आठवण्याचा अभिनय केला. त्याने दुसऱ्यांदा विचारले नाही. बिग एंडची दोन बेअरिंगे खरवडून तांबे उघडे पडले होते, क्रँकला चरे गेले होते. तो घासून घ्यावा लागला आणि बेअरिंगेही त्या मापाने जाड घालावी लागली. डबाभर तेलाच्या वाचवलेल्या किमतीच्या किती पट बिल झाले, हा हिशेब मी घरी कोणाला सांगितला नाही. कारखान्याविषयी येथे काही तक्रार नाही. दोष सर्वस्वी माझा होता, आणि नेमके येथेच मला शंकराचार्यांची आठवण झाली.

कारण आचार्यांनी मीमांसकांच्या या ‘अकरणाच्या दोषा’वर मर्मी घाव घातला आहे. नित्यकर्म न करणे म्हणजे एका क्रियेचा अभाव. आणि प्रत्यवाय, म्हणजे प्रत्यक्ष भोगावे लागणारे दुःख, हा तर भाव आहे. अभावातून भाव निपजेल कसा? जे घडलेच नाही ते कशाचे कारण होऊ शकेल? गीताभाष्यात आणि तैत्तिरीयावरील भाष्यात त्यांनी हा मुद्दा असा मांडला आहे की क्षणभर संध्या सोडण्याची परवानगी मिळाल्यासारखे वाटते. मी मिस्त्रीसमोर लाकडी पेटीवर बसून मनातल्या मनात हीच कैफियत रचीत होतो: मी काय केले? मी तर काहीच केले नाही. पण समोर कागदावर पुसलेला तो काळा राडा पाहिला की उत्तर दिसत होते, आणि ते आचार्यांच्या विरुद्ध नव्हते. बेअरिंग माझ्या ‘न करण्या’ने गेले नाही, काजळीने गेले, पाण्याने गेले, आम्लाने गेले, आणि हे तिन्ही चांगले भावरूप पदार्थ आहेत. मी निष्क्रिय होतो, इंजिन निष्क्रिय नव्हते. गाडी चालते आहे तोवर मळ साचण्याची क्रिया कोणाच्या संमतीची वाट न पाहता चालूच असते. तेल बदलणे ही केवळ तिच्याविरुद्ध दाखल केलेली दुसरी क्रिया. मालक ती दाखल करीत नाही तेव्हा कोर्टात एकतर्फी निकाल होतो, इतकेच. मग न करण्याला शास्त्रात स्थान कोणते? तैत्तिरीयाच्या भाष्यात आचार्य त्याला ‘लक्षण’ म्हणतात: नित्याचे अकरण हे दुःखाचे कारण नव्हे, तर पूर्वी साचलेले दुरित फळाला येऊ लागल्याची ती खूण होय. हा विचार प्रथम वाचताना मला पळवाटेसारखा वाटला होता. मिस्त्रीच्या बोटाने तो मला पटवला. त्याने इंजिन उघडले तेव्हा त्याला तेलाआधी माझी दोन वर्षे दिसली: कचेरीत पुढे ढकललेल्या फायली, दातांच्या वैद्याला न दिलेली भेट, आईला न लिहिलेली पत्रे. डिपस्टिक न पाहणे हे त्या सर्वांचे कारण नव्हते. त्या सर्वांच्या रांगेतले ते एक होते.

आयुर्वेदाने हा प्रश्न आणखी निराळ्या बाजूने धरला आहे, आणि मोटारमालकाच्या दृष्टीने तो मला अधिक जवळचा वाटतो, कारण तेथे दृष्टान्तच गाडीचा आहे. चरकसंहितेच्या विमानस्थानात अग्निवेश आपल्या गुरूंना, आत्रेयांना, विचारतो की, आयुष्य नियत आहे की अनियत, मृत्यू काळानेच येतो की अकाळीही. तेव्हा आत्रेय उत्तर देतात ते रथाच्या आसाचे. उत्तम आस योग्य रीतीने वाहिला तर आपल्या स्वाभाविक झिजेच्या मर्यादेपर्यंत टिकतो आणि मग संपतो, तो कालमृत्यू. तोच आस अतिभाराने, वाईट वाटेने किंवा वाट सोडून नेल्याने, चाक मोडल्याने, बैलाच्या अथवा हाकणाऱ्याच्या दोषाने, खीळ निसटल्याने आणि वंगण न दिल्याने वाटेतच मोडतो, तो अकालमृत्यू. वंगणाचा उल्लेख त्या यादीत कसा सहज, जवळजवळ शेवटी, आला आहे! अतिभार दिसतो, खड्डा दिसतो, मोडलेले चाक तर दिसतेच. वंगणाचा अभाव तेवढा दिसत नाही. सूत्रस्थानातही रोजच्या अभ्यंगाचे समर्थन करताना तेल दिलेल्या आसाचीच उपमा दिली आहे, आणि अभ्यंग हा दिनचर्येतला, म्हणजे रोग नसताना करायचा उपचार आहे.

याचा अर्थ सतत काहीतरी करीत राहावे असा मात्र नव्हे. आमच्या ओळखीचे एक गृहस्थ दर रविवारी कार्ब्युरेटरचा स्क्रू पिळीत, दर पंधरवड्याला टॅपेट सेट करीत आणि प्लग इतके आवळीत की अखेर अॅल्युमिनियमच्या हेडमधले आटे निघून आले. तेलही ते खुणेच्या वर ओतीत. आणि जास्त झालेले तेल क्रँकच्या माऱ्याखाली फेसाळते व फेस धातूला धरीत नाही, हे कळायला त्यांना एक इंजिन खर्ची घालावे लागले. विधीला काळ असतो, मात्रा असते. टॅपेटचे माप ज्या स्थितीत घ्यायला सांगितले आहे त्याच स्थितीत घ्यायचे, तेल गाडी सपाटीवर उभी करून मग पाहायचे. संध्या अधिक वेळा केली म्हणून कोणी अधिक संध्याशील होत नाही.

परंतु या सर्व विवेचनात प्रभाकरांचा पक्ष अजून अनुत्तरितच राहिला आहे. कुमारिलांचे म्हणणे माझ्यासारख्याला लागू पडते, कारण माझे नुकसान माझेच होते. दंडाच्या भीतीने का होईना, मी आता तेल पाहतो. पण गिरगावात आमच्या चाळीच्या तोंडाशी टॅक्सी लावणारे एक मामा होते. साताऱ्याकडचे. टॅक्सी त्यांची नव्हती; दिवसाचे ठरलेले पैसे मालकाला द्यायचे, उरलेले आपले. इंजिनाचे काम निघाले तर खर्च मालकाचा, आणि मालकाच्या चार गाड्या असल्यामुळे मामांना दुसरी मिळण्यातही फारशी अडचण नव्हती. तरीही पहाटे पाचला, काळीपिवळी पद्मिनी चालू करण्यापूर्वी, ते बॉनेट उघडीत, रेडिएटरचे पाणी पाहत, डिपस्टिक काढून खांद्यावरच्या फडक्याला पुसत, पुन्हा घालून पुन्हा काढीत आणि उजेडाकडे धरून दोन खुणांमधली पातळी पाहत. मग डॅशबोर्डवरच्या देवाला उदबत्ती. चालू केल्यावर मिनिटभर ते गाडीला शांतपणे चालू देत; रात्रभर तेल खाली उतरलेले असते, ते वर चढेपर्यंत इंजिन रेस करायचे नाही, हा त्यांचा नियम, आणि तो पूर्ण शास्त्रशुद्ध आहे, कारण झिजेचा मोठा वाटा या पहिल्या क्षणांचाच असतो. मी एकदा माझ्या नव्याने भाजलेल्या अनुभवाच्या तोऱ्यात त्यांना म्हणालो, “मामा, गाडी मालकाची, इंजिन मालकाचं. तुम्ही कशाला एवढं बघता?” त्यांनी फडके झटकले. “साहेब, सकाळी बघायचं असतं.”

‘बघायचं असतं.’ या मराठी प्रयोगात कर्ता नाही, फळ नाही, हेतू नाही. कोणी बघायचे, कोणासाठी, काय मिळवण्यासाठी, यांपैकी कशाचाही तो जबाब देत नाही, आणि तरी ऐकणाऱ्याला अपुरे वाटत नाही. संस्कृत वैयाकरणांनी आणि मीमांसकांनी विध्यर्थाच्या प्रत्ययावर ग्रंथच्या ग्रंथ लिहिले; तो प्रत्यय आमच्या भाषेत असा ‘असतं’च्या रूपाने घरोघर वावरतो. पानात टाकायचं नसतं, तिन्हीसांजेला झोपायचं नसतं, सकाळी बघायचं असतं. प्रभाकरांनी ज्याला नियोग म्हटले तो मामांच्या तोंडून बाहेर पडताना त्यांच्या कपाळावर आठीही नव्हती. अर्थात वकिली करायचीच तर म्हणता येईल की इंजिन बंद पडले तर मामांची त्या दिवसाची कमाई बुडणार होती, म्हणजे फळ होतेच. मी हा आक्षेप पुष्कळ दिवस मनात वागवला. तो खोटा नाही. पण ज्या दिवशी ते आजारी पडत आणि दुसरा चालक गाडी नेणार असे, त्या दिवशीही ते लुंगीवर खाली उतरून बॉनेट उघडून वर जात, हे मी स्वतः पाहिले आहे.

मुंबईत टॅक्सीला वीस वर्षांची मुदत घालून दिलेली आहे. २९ ऑक्टोबर २००३ रोजी ताडदेवच्या परिवहन कार्यालयात नोंदलेल्या शेवटच्या पद्मिनी टॅक्सीची ती मुदत भरली आणि ३० ऑक्टोबर २०२३ पासून त्या गाडीला शहरात टॅक्सी म्हणून धावण्याची मनाई झाली. आत्रेयांच्या वर्गवारीत या मृत्यूला जागा सापडत नाही. स्वतःच्या झिजेने संपली नाही, वंगणावाचूनही संपली नाही, फर्मानाने संपली. त्या अखेरच्या दिवशी सकाळी जो कोणी ती गाडी काढणार होता त्याच्यापुढे, त्याला कल्पना असो वा नसो, कुमारिल आणि प्रभाकर हे दोघेही उभे होते. उद्याचा ठोका टाळायचा म्हणून तेल पाहावे, तर ह्या इंजिनाला टॅक्सीचा उद्या उरलेला नाही. मामा त्या वेळी असते तर त्यांनी बॉनेट उघडले असते, फडक्याला डिपस्टिक पुसली असती, याविषयी मला शंका नाही. पण पातळी खालच्या खुणेला टेकलेली दिसती तर त्यांनी शेवटच्या एका दिवसासाठी अर्धा लिटर तेल वर घातले असते की नाही, याविषयी माझे मत मात्र दर दोन दिवसांनी बदलते.